फेरतपासणी

पेपर तपासणाऱ्या माणसाला एक भीती जन्मभर पुरते. गुण देऊन झालेले असतात, बेरीज झालेली असते, गठ्ठा बांधून कपाटात गेलेला असतो; आणि मग कधी तरी भाजी चिरताना एकदम आठवते, की अमक्या मुलीच्या तिसऱ्या उत्तरात काही तरी होते आणि आपण ते पाहिलेच नाही. अक्षर वाईट होते म्हणून, किंवा उत्तर आपल्याला हवे तेवढे लांब नव्हते म्हणून, आपण लाल रेघ ओढून पुढे गेलो. मुलगी काही बोलत नाही. बोलत नाही म्हणूनच ते उत्तर आपल्या मागे लागते.

मी शाळेत मराठी शिकवते. शिक्षण मॅट्रिकपुरते, पुढचे जे काही झाले ते गावच्या वाचनालयाच्या कृपेने. कादंबऱ्या लिहिल्या, आणि संपादकांनी मागितली तेव्हा टीकाही लिहिली. २०१९ साली एका अंकात मी एका अमेरिकन पाककृतीची यथेच्छ थट्टा केली होती. लेख वाचकांना आवडला, चार पत्रे आली, एका ओळखीच्या बाईंनी तो हळदीकुंकवात वाचून दाखवला म्हणे. तो लेख आज मला मागे घ्यायचा आहे. सगळा नाही; पण ज्या मुद्द्यावर वाचक सर्वांत जास्त हसले, नेमका तो.

पाककृतीवर कधी टीका लिहितात का, असे कोणी विचारील. आपल्या दिवाळी अंकांची मांडणीच अशी, की कथा-कविता पुढे आणि फराळाचे पान मागे. आणि टीकाकार सहसा मागच्या पानापर्यंत पोचत नाहीत. पण पाककृती हेही लेखनच आहे. तिला आरंभ आहे, मध्य आहे, शेवट आहे. आणि तिला असा वाचक लाभतो की जो लिहिल्याबरहुकूम वागून पाहतो. हे भाग्य कोणत्या कवीला आहे? तेव्हा तिलाही कसोटी लावायला हवी. प्रश्न एवढाच, की कसोटी कोणती. २०१९ च्या लेखात माझी चूक झाली ती इथे.

आता मूळ संहिता. माझी धाकटी बहीण शिकागोजवळच्या एका उपनगरात राहते. २०१८ च्या डिसेंबरात मी तिच्याकडे दीड महिना होते. नाताळच्या सुट्टीत तिने पंचवीसेक माणसे घरी बोलावली; कचेरीतली काही, शेजारपाजारची काही, आणि मराठी मंडळातली चार-पाच कुटुंबे. मी आदल्या दिवसापासून पदर खोचून तयार. वाटले, आता कांदे चिरायचे, कणीक भिजवायची, रात्री बाराला ओटा धुवायचा. बहिणीने मला फ्रिजवर चिकटवलेले एक कार्ड दाखवले. ती त्या देशात गेली त्या पहिल्या हिवाळ्यात शेजारच्या म्हाताऱ्या बाईंनी ते तिला लिहून दिले होते. त्यातला मजकूर माझ्या शब्दांत सांगायचा तर असा:

कॉकटेल सॉसेज, म्हणजे बोटाच्या दोन पेरांएवढी, आधीच शिजवून धुरी दिलेली मांसाची नळकांडी, सुमारे ८०० ग्रॅम. चिली सॉसची एक बाटली, सुमारे ३४० ग्रॅम. जवळजवळ तेवढीच द्राक्षाची जेली. सगळे एका खोलगट विजेच्या भांड्यात ओता, ढवळा, झाकण ठेवा. मंद आचेवर चार तास, किंवा तेज आचेवर दोन. मग कळ 'गरम'च्या खुणेवर फिरवा, शेजारी टूथपिकची डबी ठेवा. झाले.

नावातल्या कॉकटेलचा पदार्थाशी संबंध एवढाच, की पाहुण्यांच्या एका हातात पेला असतो आणि खाण्यासाठी दुसरा हातच काय तो मोकळा राहतो. आणि चिली सॉस म्हटले म्हणून कोणी घाबरू नये. अमेरिकेतला हा सॉस तिखट नसतोच. टोमॅटो, व्हिनेगर, साखर, कांदा आणि थोडा मसाला, एवढाच ऐवज. बहिणीने सॉसेज टर्कीच्या मांसाची घेतली, आणि शाकाहारी मंडळींसाठी दुसऱ्या भांड्यात त्याच रसात पनीरचे तळलेले तुकडे टाकले. दुपारी एकच्या सुमाराला तिचे सगळे काम संपले होते. पाहुणे यायचे होते पाच वाजता.

माझ्या लेखातला विनोद तुमच्या ध्यानात आलाच असेल. मी लिहिले होते, की ही पाककृती नव्हे, वाण्याची यादी आहे. आणि हिला लागणारे एकमेव कौशल्य म्हणजे बरणीचे घट्ट झाकण उघडणे. वाचक हसले. मीही खूश झाले.

प्रथम चवीचे पाहू, कारण पदार्थावरच्या टीकेत जिभेचा मान पहिला. द्राक्षाच्या जेलीत मांस शिजवायचे, हे ऐकून आपल्याकडे कोणीही नाक मुरडील, मीही मुरडले. पण पहिला तुकडा तोंडात टाकल्यावर मी थबकले. चव परकी नव्हती. जेलीच्या जागी गूळ ठेवा, व्हिनेगर-टोमॅटोच्या जागी चिंच ठेवा, की ही आपल्याच आमटीची गोष्ट. आंबटाची धार गोडाने बोथट करायची आणि गोडाचा चिकटपणा आंबटाने कापायचा, हा व्यवहार आपल्या पंचामृतात, मेथांब्यात, चिंचगुळाच्या आमटीत रोज चालतो. शिवाय ह्या साध्या मिश्रणात एक हुशारी आहे. जेली घट्ट असते ती पेक्टिनमुळे. उष्णतेने ती पातळ होते, पण आपला चकचकीतपणा आणि चिकटून राहण्याचा गुण सोडत नाही. त्यामुळे रस प्रत्येक तुकड्यावर लाखेसारखा बसतो. सॉसेजमधले मीठ आणि धुराचा वास रसात उतरतो, म्हणून वेगळे मीठ घालावे लागत नाही. आच मंद हवी, कारण उकळी आली तर तुकडे फुटतात आणि साखर कडेला करपते. बाटल्या ओतणाऱ्या त्या अनामिक गृहिणीला हे सगळे हाताने कळलेले होते.

दोषही आहे, आणि तो मी मागे घेत नाही. तिसऱ्या तुकड्यानंतर जीभ कंटाळते. मेथांब्यात मेथीचा कडवटपणा असतो, तिखटाची ठिणगी असते. म्हणून पोळीबरोबर वाटीभर मेथांबा संपतो आणि जीभ दमत नाही. इथे गोड आणि आंबट एकमेकांचा हात धरून बसतात आणि तिसरे कोणी येतच नाही. बहीण त्यात आल्याचा रस आणि चमचाभर लाल तिखट घालते. कार्डावर पेन्सिलीने तशी नोंदही आहे. तुलनेसाठी आपल्या गोव्याचे चोरिस घ्या. डुकराचे मांस, माडाचे व्हिनेगर, मिरची, लसूण. सगळा आंबट-तिखटपणा आतच मुरलेला. म्हापशाच्या शुक्रवारच्या बाजारात त्यांच्या माळा टांगलेल्या दिसतात. त्या सॉसेजला वरून रस लागत नाही. पावाचा तुकडा पुरतो. चोरिसची चव आत मुरलेली असते, कॉकटेल सॉसेजची वरून चढवलेली. जिभेच्या परीक्षेत पहिला नंबर कोणाचा, ह्याबद्दल माझ्या मनात शंका नाही.

पण आता त्या भांड्यातल्या वस्तू कुठून आल्या ते पाहू, कारण तिथे मला एक कादंबरीच सापडली.

द्राक्षाची ही जेली ज्या द्राक्षाची करतात त्याचे नाव काँकॉर्ड. १८६९ साली न्यू जर्सीतल्या व्हाइनलँड गावी टॉमस वेल्श नावाचा एक दंतवैद्य होता. मेथडिस्ट पंथाचा, कडवा दारूविरोधक. चर्चमधल्या प्रसादाला दारू नको म्हणून त्याने न आंबणारा द्राक्षरस तयार केला. त्याच रसाचा पुढे मोठा धंदा झाला आणि १९२३ पासून त्या नावाने काँकॉर्ड द्राक्षाची जेली विकली जाऊ लागली. म्हणजे दारूला पर्याय म्हणून जन्मलेली वस्तू शेवटी येऊन बसली कुठे? कॉकटेलच्या पेल्याशेजारी.

विजेच्या भांड्याची गोष्ट याहून सुरस. ते घडवणारा अर्व्हिंग नॅक्सन शिकागोचाच. त्याची आई लिथुआनियातल्या ज्यू कुटुंबातली. शब्बाथच्या दिवशी चूल पेटवायची नाही, असा त्यांचा धर्म. म्हणून आदल्या संध्याकाळी चोलेंट नावाच्या कालवणाचे भांडे गावच्या भटारखान्यात नेऊन द्यायचे आणि निवत जाणाऱ्या भट्टीत ते रात्रभर शिजायचे. आईने सांगितलेल्या ह्या आठवणीवरून नॅक्सनने मंद आचेचे भांडे केले. त्याचे पेटंट १९४० साली मिळाले. १९७० मध्ये दुसऱ्या कंपनीने त्याचा धंदा विकत घेतला आणि १९७१ मध्ये तेच भांडे 'क्रॉक-पॉट' ह्या नावाने बाजारात आले. सुट्टीचा दिवस पाळता यावा म्हणून निघालेली युक्ती. आणि आज घरोघर तिच्यात डुकराची सॉसेज रटरटतात. त्या आईला हे रुचले नसते. पण त्या भांड्यामागचा विचार मात्र शाबूत राहिला आहे, आणि तो विचार असा: शिजवणारीलाही सुट्टी हवी.

मी हे लेखात लिहिले नव्हते, कारण तेव्हा मी हे वाचलेच नव्हते. न वाचता गुण दिले होते.

अमेरिकेत ह्या पदार्थांना लेखकही चांगले मिळाले. १९२० ते १९३३ तिथे दारूबंदी होती. त्या काळात पिणे घरात आले, आणि घरात आले म्हणजे सोबत काही खाणेही आले. जेम्स बिअर्ड न्यूयॉर्कमध्ये समारंभांना असले खाणे पुरवीत असे. १९४० साली त्याने पेल्याबरोबरच्या ह्या चटकमटक पदार्थांवर स्वतंत्र पुस्तक लिहिले. त्याआधी, १९३१ मध्ये, सेंट लुइसच्या अर्मा रोम्बावरबाईंनी 'द जॉय ऑफ कुकिंग' पदरमोड करून छापले. नवरा आदल्याच वर्षी गेलेला. प्रती काढल्या तीन हजार. पुढे १९३६ च्या आवृत्तीत त्यांनी साहित्याची यादी कृतीतच गुंफली, म्हणजे जी वस्तू जेव्हा लागेल तेव्हाच तिचे नाव येते. कथालेखकाने शिकावे अशी ही गोष्ट: पात्र रंगमंचावर आल्याखेरीज त्याची ओळख करून देऊ नये. आणि १९६० साली पेग ब्रॅकन नावाच्या, जाहिराती लिहिणाऱ्या बाईंचे पुस्तक आले. त्याच्या नावातच त्यांनी आपल्याला स्वयंपाकाचा तिटकारा असल्याचे जाहीर करून टाकले होते. ज्यांना दिवसभर काम करून संध्याकाळी पुन्हा चुलीशी उभे राहायचे, त्या बायकांना ते पुस्तक आपले वाटले.

कार्डावरच्या पाककृतीला मात्र असा लेखक नाही. चर्चच्या नि महिला मंडळांच्या छोट्या पुस्तकांतून, शेजारणीच्या कार्डांवरून ती हातोहात फिरली. आपल्या जात्यावरच्या ओव्यांना तरी कर्ती कुठे आहे? ओवी जशी सासरी गेलेल्या मुलीबरोबर दुसऱ्या गावी जाते, तशी ही पाककृती एका म्हातारीच्या हातून माझ्या बहिणीकडे आली आणि पेन्सिलीने तिच्यात आले-तिखट मिसळले.

इथवर मी तिची बाजू घेतली. आता विरुद्ध बाजूचा सर्वांत मोठा मुद्दा. त्या कार्डावर कष्ट दिसत नाहीत; पण कष्ट नाहीसे होत नसतात, ते दुसरीकडे जातात. ते कुठे गेले हे पाहायला शिकागोइतके योग्य गाव नाही. तिथले कत्तलखान्यांचे आवार १८६५ साली सुरू झाले. १९०४ मध्ये अप्टन सिंक्लेअर नावाचा तरुण लेखक सात आठवडे त्या वस्तीत राहिला आणि त्याने 'द जंगल' ही कादंबरी लिहिली. १९०५ मध्ये ती साप्ताहिकातून क्रमशः आली, १९०६ मध्ये पुस्तकरूपाने. तिचा नायक लिथुआनियातून आलेला मजूर. हात कापले जातात, घर जाते, बायको जाते, मूल जाते. आणि मधल्या काही पानांत सॉसेजमध्ये काय काय जाते त्याचे वर्णन आहे. सिंक्लेअरला माणसांची दैना दाखवायची होती. वाचकांनी घेतली ती मांसाची किळस. त्याच वर्षी जूनमध्ये मांसतपासणीचा कायदा झाला. मजुरांच्या वाट्याला त्यातून फारसे काही आले नाही. एका कादंबरीने कायदा घडवला याचा कादंबरीकार म्हणून मला अभिमान वाटतो, आणि तिच्या वाचकांनी तिचा अर्धाच अर्थ घेतला याचे वाईटही वाटते.

ते आवार १९७१ साली बंद झाले. म्हणजे ज्या वर्षी ते भांडे बाजारात आले, त्याच वर्षी. आज तिथे एक दगडी कमान तेवढी उभी आहे. बहिणीने मला ती दाखवायला नेले होते. थंडीत दहा मिनिटे उभ्या राहिलो आणि परत आलो. तेव्हा बहिणीच्या ओट्यावरचा निवांतपणा आणि त्या कमानीपलीकडची घाई, ह्यांचा संबंध मला जोडता आला नाही. आज जोडते. तयार सॉसेज घेणाऱ्या बाईचे चार तास वाचतात ते कोणाच्या तरी पाळीतून वजा होऊन आलेले असतात. हा दोष त्या कार्डाचा एकटीचा नाही. आपल्या तयार पिठाचा, तयार मसाल्याचा, वाण्याकडच्या तयार चकलीचाही आहे. पण आहे.

मग माझी चूक ती कोणती? ती सांगायला मला आधी मराठी पाककृतीच्या व्याकरणाकडे वळावे लागेल. तो माझा रोजचा धंदा.

मराठीतले छापील पाकशास्त्र जुने आहे. रामचंद्र सखाराम गुप्ते यांचे 'सूपशास्त्र' १८७५ चे. लक्ष्मीबाई धुरंधर यांचे 'गृहिणी-मित्र अथवा एक हजार पाकक्रिया' १९१० चे. कमलाबाई ओगले यांचे 'रुचिरा' १९७० साली आले, आणि वाटी-चमच्याच्या मापाने त्यांनी नवख्या सुनेची भीती घालवली. ह्या पुस्तकांचे ऋण मोठे आहे. पण आपल्या पाककृतीची एकंदर भाषा पाहा. कांदा चिरावा. फोडणी द्यावी. मीठ घालावे. विध्यर्थी क्रियापद, कर्मणी प्रयोग, आणि कर्ता? कर्ता अध्याहृत. वाक्यात कांदा आहे, मीठ आहे, फोडणी आहे. चिरणारी मात्र नाही. आणि ठरलेला शेवट: गरम गरम वाढावे.

ह्या शेवटच्या वाक्याकडे मी वीस वर्षांत कधी नीट पाहिले नव्हते. गरम गरम वाढायचे, तर वाढणारी पंगतीत बसू शकत नाही. ती चुलीपाशीच हवी. पाककृती केवळ पदार्थ कसा करावा हे सांगत नाही. पाहुणे खात असताना करणारीने कुठे उभे राहावे, हेही ती ठरवून टाकते. आणि हीच कसोटी मी २०१९ मध्ये लावली नव्हती.

आता एक गोष्ट सांगितल्यावाचून हा लेख पुरा होणार नाही. माझी पहिली कादंबरी २०११ साली निघाली. विषय म्हणाल तर एक आई; दोन मुलींना वाढवणारी, कमी बोलणारी. आमच्या दोन खोल्यांच्या घरी पंधरा माणसे जमली. शाळेतल्या बाई, वाचनालयातले मंडळ, प्रकाशकांकडचे दोघे. आई बटाटेवडे तळत होती. थंड वडा कोणाच्या हातावर ठेवणे तिला पटत नसे. सहा-सहाचा घाणा काढायची आणि ताटली बाहेर पाठवायची. मग वाचनालयातल्या एका वृद्ध गृहस्थांनी कादंबरीतली दोन पाने वाचायला घेतली. आईच्या हातांबद्दलची पाने होती ती. त्यांचा आवाज बारीक, आणि आतून तेलाचा चरचराट. ऐकू येईना. कोणी तरी आतल्या दाराकडे पाहिले. मी उठले आणि दार लोटून घेतले.

रात्री भांडी आवरताना आईने विचारले, "काय काय म्हणाले गं सगळे?" मी दमले होते. म्हटले, "चांगलं म्हणाले." एवढेच. आई २०१६ मध्ये गेली. ती पाने तिने ऐकली नाहीत. चष्मा लावून नंतर वाचली असतील, पण मला कधी बोलली नाही.

शिकागोच्या त्या संध्याकाळी भांडे कोपऱ्यात आपले आपण गरम राहिले होते. लोक उठत, टूथपिकने दोन तुकडे घेत, पुन्हा येऊन बसत. बहीण जांभळी पैठणी नेसून सोफ्याच्या मधोमध बसली होती. तिचे साहेब, शेजारच्या म्हाताऱ्या बाई आणि आपली मंडळी, सगळ्यांच्या गप्पांच्या मध्ये. एका प्रश्नावर तिने साहेबांशी चांगला वाद घातला. मी सवयीने स्वयंपाकघरात जाऊन उभी राहिले. अर्धा तास उभी होते. करायला काहीच नव्हते.

रात्री पाहुणे गेल्यावर मी म्हटले, "हे कसलं आदरातिथ्य? बाटल्या ओतून खायला घातलंस लोकांना."

ती कप विसळत होती. म्हणाली, "ताई, आई असती ना, तर तिला मी त्या सोफ्यावर बसवली असती. मधोमध."

मला ते उलट उत्तर वाटले. परत आले, आणि लेख लिहिला. बरणीच्या झाकणाचा विनोद त्यात होता; बहिणीचे हे वाक्य नव्हते. तिने लेख वाचला. फोनवर म्हणाली, छान झालाय. तिचे ते "छान झालाय" आणि माझे "चांगलं म्हणाले", दोन्ही एकाच मापाची होती, हे मला कळायला पुढे बराच काळ जावा लागला.

म्हणजे अमेरिकेची पाककृती शहाणी आणि आपली वेडी, असा ह्याचा अर्थ कोणी घेऊ नये. तसे मला वाटत नाही. आणि वाटत नाही याला आधार ह्याच सणाचा आहे. दिवाळीच्या फराळाकडे पाहा. चकली, कडबोळी, शेव, चिवडा, लाडू, अनारसे: ह्यांतले काहीही गरम गरम वाढायचे नसते. सगळे आधी करून डब्यांत भरलेले. कष्ट थोडे का असतात? अनाऱशाचे तांदूळ तीन दिवस भिजवायचे, रोज पाणी बदलायचे. भाजणी भाजायची, दळून आणायची. सोऱ्या फिरवून खांदे भरून यायचे. पण ते कष्ट लपवलेले नाहीत. आज आमच्याकडे चकल्या, उद्या तुमच्याकडे करंज्या, असे चार बायका मिळून ते उघड्यावर, हसतबोलत व्हायचे, आणि कोणाच्या हाताला कशी चव आहे हे आळीला ठाऊक असायचे. मग नरकचतुर्दशीच्या पहाटे अभ्यंगस्नाने झाली, की डबे उघडायचे, ताटल्या भरायच्या. आमची आई वर्षात त्या एका सकाळी आमच्याबरोबर बसे. भिंतीला टेकून, केस ओले, चकलीचा तुकडा मोडून आधी खुसखुशीतपणा पाहायची, मग खायची. आम्ही बोलत असू ते सगळे तिला ऐकू येई.

ज्या बायकांनी हा फराळ प्रथम योजला, त्यांनी सणाच्या सकाळी चूल थंड ठेवली. शिकागोच्या कार्डाने जे साधले ते त्यांनी आधीच साधले होते, आणि हातांची नावे न पुसता साधले होते. तेव्हा कॉकटेल सॉसेजवरून आपण काही नवे शिकावे असे नाही. आपलेच एक विसरलेले उत्तर पुन्हा वाचावे, एवढेच. पाहुणे येणार असतील, तर निदान एक पदार्थ तरी असा असावा की जो करणारीला बसू देईल. तो दहीवडा असेल, आदल्या दिवशी उकडून ठेवलेली अळूवडी असेल, नाही तर द्राक्षाच्या जेलीतली सॉसेज असतील.

आता गुण. चवीला शंभरांपैकी चाळीस. काठाच्या थोडे वर, आणि त्यांतले पाच बहिणीच्या आल्या-तिखटाचे. लेखनाला साठ, थोडक्यात सांगितले आहे, पण सांगणारीचा आवाज ऐकू येत नाही. मांस आणि मजूर ह्या प्रश्नाचे उत्तर कोरे सोडले आहे, तिथे शून्य. आणि करणारीला कुठे बसवले, ह्या प्रश्नाला पैकीच्या पैकी. हा प्रश्न मागच्या वेळी मी तपासलाच नव्हता. चूक परीक्षकाची होती, विद्यार्थिनीची नव्हे, असा शेरा लिहून खाली सही करते.